बारा कळ्यांची पृथ्वी

आमच्या शाळेत पृथ्वीचा एकच गोल होता आणि तो कपाटात होता. हेडमास्तरांच्या खोलीतलं काचेचं कपाट, त्याला पितळी कुलूप. तपासणीला साहेब यायचे त्या दिवशी दोन मुलगे तो गोल उचलून वर्गात आणायचे आणि साहेब गेले की परत नेऊन ठेवायचे. आम्हा मुलींकडं काम असायचं ते कपाटाची काच पुसण्याचं, बाहेरून. भूगोलात मला नेहमी चांगले मार्क पडले, बी.ए.लाही इतिहासाबरोबर तो विषय होता, पण पृथ्वीचा गोल हातात धरून फिरवला तो लग्नानंतर, मुलाच्या पाचव्या वाढदिवसाला कुणीतरी प्लास्टिकचा दिला तेव्हा. त्याचा ऑस्ट्रेलिया पहिल्याच आठवड्यात निघाला.

हे सगळं आठवायचं कारण आमची नात. ती अकरा वर्षांची आहे. गेल्या जानेवारीत एका शुक्रवारी संध्याकाळी दप्तर टाकता टाकता तिनं जाहीर केलं, "आज्जी, पेपर माशेचा ग्लोब करायचाय. सोमवारी द्यायचाय." आईबाप दोघंही नोकरीवर, म्हणजे 'करायचाय' याचा अर्थ आज्जीनं करायचाय. मी फुगा फुगवला, मैद्याची खळ शिजवली, वर्तमानपत्राच्या पट्ट्या लावल्या आणि पंख्याखाली ठेवून झोपले. सकाळी बघते तर रात्रीत फुग्यातली हवा गेलेली आणि पृथ्वी एका बाजूनं आत बसलेली, पिचलेल्या हापूससारखी. शिवाय फुगा गोल नसतोच, खाली निमुळता असतो. आमची पृथ्वी पेरू झाली होती. सोमवारी नात रिकाम्या हातानं गेली. बाईंनी पंधरा दिवसांची मुदत वाढवून दिली, हे त्यांचे उपकार.

त्या पंधरा दिवसांत मी वाचायला लागले की लोक हे आधी कसं करत होते. एकदा वाचायला बसलं की माझं घरकाम कसं होतं ते घरच्यांना विचारा.

आज शिल्लक असलेला पृथ्वीचा सगळ्यांत जुना गोल जर्मनीतल्या न्यूरेंबर्ग शहरात आहे. मार्टिन बेहाइम नावाचा तिथलाच एक व्यापारी पोर्तुगालमध्ये राहून, समुद्र बघून गावी आला होता. गावच्या कौन्सिलनं त्याच्या देखरेखीखाली हा गोल करून घेतला. साल 1492. नाव ठेवलं 'एर्डअप्फेल', म्हणजे पृथ्वीचं सफरचंद. व्यास साधारण 51 सेंटिमीटर. आधी मातीचा गोळा केला, त्यावर सरसात भिजवलेल्या कापडाचे थर दिले, वाळल्यावर विषुववृत्तावर कापून दोन वाट्या काढल्या, परत जोडल्या, वर कागद चिकटवला आणि ग्लॉकेनडॉन नावाच्या चिताऱ्यानं त्यावर नकाशा रंगवला. त्यात अमेरिका नाही. असणार कुठून? त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कोलंबस निघाला होता आणि परत आला तो 1493च्या मार्चमध्ये. बेहाइमच्या गोलावर युरोपच्या पश्चिमेला समुद्र ओलांडला की थेट जपान लागतं. आपला भारतही टॉलेमीच्या जुन्या माहितीवरून काढलेला, त्यामुळं दक्षिणेचं टोक जवळजवळ नाहीच. चुकलेली पृथ्वी, पण पाचशे वर्षं जपून ठेवली आहे, ही गोष्ट मला फार बरी वाटली.

पण माझा खरा प्रश्न सुटला तो पुढच्या माणसापाशी. रंगवलेला गोल म्हणजे एकेक वेगळा, महाग, राजेरजवाड्यांचा. छापलेला कागद गोलावर कसा बसवायचा? सपाट कागद चेंडूवर गुंडाळून बघा, चुण्याच चुण्या पडतात. 1507 साली वाल्डझेम्युलर नावाच्या पंडितानं एक नकाशा छापला, 'अमेरिका' हे नाव पहिल्यांदा ज्याच्या कामात आलं तोच हा माणूस. त्यानं एका छोट्या गोलासाठी बारा पट्ट्या छापल्या. मध्ये रुंद, दोन्ही टोकांना निमुळत्या. इंग्रजीत त्याला जो शब्द आहे तोच तिकडं घेरदार झग्याच्या पट्टीलाही आहे असं वाचलं आणि मी एकटीच हसले. अहो, ही तर कळी! परकराची कळी! सहा कळ्यांचा परकर मी सासरी आल्यापासून शिवतेय. चौसोपी कापडातून माणसाच्या अंगाचा घेर काढायचा तर कळी कापावी लागते, ब्लाऊजला टक्स घ्यावे लागतात. पृथ्वीलाही तेच करावं लागलं.

नातीचा एक जुना चेंडू होता, 24 सेंटिमीटर व्यासाचा. फुग्याऐवजी तोच साचा धरला. घेर आला सुमारे 75 सेंटिमीटर, म्हणजे बारा कळ्या प्रत्येकी मध्यावर सव्वासहा सेंटिमीटर रुंद आणि एका ध्रुवापासून दुसऱ्या ध्रुवापर्यंत पावणेअडतीस सेंटिमीटर उंच. मध्यापासून टोकापर्यंतच्या अंतराचे तीन भाग केले तर दोन भाग वर गेल्यावर कळीची रुंदी बरोबर निम्मी होते. हे नातीच्या बापानं कोसाइन वगैरे सांगून समजावलं. मी म्हटलं, कंबरेपाशी किती घ्यायचं ते शिंप्याला कोसाइनशिवाय कळतं.

पुढच्या तीनशे वर्षांत युरोपात या कामाचे कारखाने झाले. पद्धत सगळीकडं जवळपास एकच. लाकडी साच्यावर ओल्या कागदाचे थर, वाळले की मधोमध कापून दोन टरफलं सोडवायची, आत लाकडी दांडा बसवून ती जोडायची, वर खडू आणि सरसाचा गिलावा. मग अर्धगोल कापलेली धातूची पट्टी उभी करून तिच्याशी गोल फिरवत राहायचं, जादा गिलावा खरवडला जातो आणि गोळा गुळगुळीत होतो. एखादी बाजू जड झाली तर आत शिशाच्या छर्ऱ्यांची पुरचुंडी बांधायची, म्हणजे फिरवल्यावर गोल हवा तिथं थांबतो. शेवटी कळ्या. ओला कागद वाढतो, म्हणून छापतानाच ती वाढ धरून कळी किंचित लहान ठेवायची. बाराही टोकं ध्रुवावर कधीच नीट जुळत नाहीत, तेव्हा वर एक गोल टिकली डकवायची. रंग भरायचं काम पुष्कळ ठिकाणी बायका आणि पोरी करत. नाव छापलं जाई ते कारखान्याच्या मालकाचं.

आतला कागद मात्र रद्दीचा. जुने गोल दुरुस्तीला उघडले की आत हिशेबाची पानं, वाया गेलेली छापील पानं सापडतात. वर समुद्र, खंड, राजांची नावं आणि आत कुणाचीतरी उधारी. हे मी सासूबाईंना वाचून दाखवलं तेव्हा त्या काही बोलल्या नाहीत. आमच्या सासूबाई ब्याऐंशीच्या आहेत.

खळीबद्दल मात्र त्या बोलल्या. सरस म्हणजे जनावराच्या कातड्या-हाडांचा, तो आमच्या घरात येणार नाही, हे मलाही ठाऊक होतं. मैद्याची खळ चालेल, पण "रात्रभर ठेवायची न्हाई. सकाळपतोर जीव पडत्यात त्यात. लागंल तेवढी कर आणि सांजच्या आत संपीव." पुस्तक बांधणारे खळीत मोरचूद घालतात, त्यानं कीड लागत नाही, असं मी सुचवलं. त्यावर त्यांनी माझ्याकडं असं बघितलं की मी पुढं बोलले नाही. कीड लागू नये म्हणून विष घालायचं, हे त्यांना कसं पटावं? मग त्यांनीच उपाय सांगितला. त्यांच्या माहेरी कागदाच्या लगद्याच्या टोपल्या करत. रद्दी दोन दिवस पाण्यात, तिच्याबरोबर भिजवलेली मेथी, दोन्ही पाट्यावर वाटायचं. मेथीनं लगदा चिकट होतो आणि तिच्या कडूपणानं कीड फिरकत नाही. ही टोपली शेणानं सारवायची किंवा कापड लावायचं, वीस वर्षं टिकते. तसल्या टोपल्या माझ्या आज्जीकडंही होत्या. काश्मीरमध्ये कागदाच्या लगद्यावर नक्षी करतात तिला केवढं नाव, तिथं पंधराव्या शतकापासूनची परंपरा सांगतात. आमच्या आज्ज्यांनी लगद्यात कडधान्य साठवलं, त्याचा इतिहास कुणी लिहिला नाही, कारण टोपली फुटली की ती बंबात जायची.

तर थर कागदाचे आणि वरचा गिलावा मेथीच्या लगद्याचा, असं ठरलं.

आता अमेरिकेतल्या मुलींची गोष्ट सांगते, कारण मला ती सगळ्यांत आवडली. पेनसिल्व्हेनियात वेस्टटाउन नावाची क्वेकर पंथाची निवासी शाळा आहे, 1799ची. तिथं एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला मुली पृथ्वीचे गोल शिवत. होय, शिवत. रेशमी कापडाच्या कळ्या कापून जोडायच्या, आत लोकर ठासून भरायची, अक्षांश-रेखांश धाग्यांनी भरायचे आणि देशांची नावं शाईनं लिहायची. काही जणी आकाशाचा गोलही करत, ताऱ्यांचा. तिथली एक विद्यार्थिनी, रेचल कोप, हिनं 1816 साली घरी पत्र लिहिलं. आपल्याला या गोलांचा बराच त्रास होणार आहे, पण तुम्हाला त्यांची गंमत वाटेल आणि धाकट्या भावंडांना शिकवायला त्यांचा उपयोग होईल, असं त्यात आहे. आणि पृथ्वीच्या आकाराचा उल्लेख तिनं केलाय तो 'मानलेला आकार' असा. गोल स्वतः शिवतेय आणि लिहितेय की असं मानतात म्हणे! त्या 'मानलेला' शब्दापाशी मी बराच वेळ थांबले.

त्याच सुमाराला व्हरमाँटमधल्या जेम्स विल्सन नावाच्या शेतकऱ्यानं ज्ञानकोशाचे खंड घेण्यासाठी गुरं विकली, ते वाचून घरीच गोल करायला शिकला आणि 1810च्या सुमाराला विकूही लागला. अमेरिकेतला पहिला गोलवाला म्हणून त्याचं नाव आहे. पुढं 1875 साली एलेन फिट्झ या शिक्षिकेनं गोल बसवायच्या नव्या बैठकीचं पेटंट घेतलं, रात्र-दिवस कसे लहानमोठे होतात ते मुलांना बोट ठेवून दाखवता यावं म्हणून. तिनं त्यावर पुस्तकही लिहिलं. शिवणाऱ्या मुलींची नावं मात्र थोडीच उरली.

आमचा गोल वाळत होता तेव्हा दुपारच्या वेळी सासूबाई आतल्या खोलीतून एक लांबोडकी वही घेऊन आल्या. लाल कापडाची बांधणी, कडा उंदरानं खाल्लेल्या. मामंजींचं खडेबाजारात कापडाचं दुकान होतं, त्याची रोजकीर्द, त्यांच्या लग्नाच्या वर्षाची. दुकान बंद होऊन पंचवीस वर्षं झाली, मामंजी जाऊन बारा. "रद्दी पायजे म्हणालीस न्हवं? ही घे." मी म्हटलं, "आई, ही नको. वर्तमानपत्रं आहेत की." त्या म्हणाल्या, "ठेवून काय करू? मी गेल्यावर तुमी रद्दीतच घालणार." त्यांनी पहिलं पान, स्वस्तिक आणि 'श्री' लिहिलेलं, हळूच सुटं करून देवघराच्या फळीत ठेवलं. धार्मिक मासिकांचं एकही पान खळीत जाऊ द्यायचं नाही हा नियम आधीच झाला होता, हे त्यातलंच. बाकीची पानं त्यांनी स्वतः फाडली. मामंजींचं मोडी वळणाचं अक्षर, मांजरपाट, लांबडे, खण, उधारीवाल्यांची नावं. फाडताना एकेक नाव वाचत होत्या. "हा कधी द्यायचा न्हाई," एका नावावर म्हणाल्या आणि ते पान दक्षिण ध्रुवाला लागलं.

दोन वाट्या जोडून, लगदा फासून, घासून गोळा पांढरा झाला तेव्हा त्यांनी तो हातात घेतला. फिरवला. मग विचारलं, "मेरू कुठं येतो ह्यात?"

नात माझ्याकडं बघायला लागली.

मी पाठशाळेत वाढलेली बाई. जंबूद्वीप मला शाळेच्या नकाशाआधी पाठ होतं. एक लाख योजन व्यासाचं, थाळीसारखं सपाट, मध्ये मेरू, भोवती लवणसमुद्र, त्याच्याभोवती धातकीखंड, मग कालोद समुद्र, मग पुष्करवर द्वीपाचा अर्धा भाग आणि तिथं मानुषोत्तर पर्वत, ज्याच्यापलीकडं माणूस नाही. आपलं भरतक्षेत्र दक्षिणेच्या कडेला, धनुष्यासारखं. जंबूद्वीपात सूर्य दोन, चंद्र दोन. गुजरात-राजस्थानात हे अढाई द्वीप कापडावर रंगवलेले पट आहेत, पंधराव्या शतकापासूनचे. इतके देखणे की बघत बसावं. हस्तिनापूरला तर आर्यिका ज्ञानमती माताजींच्या प्रेरणेनं जंबूद्वीपाची रचनाच उभी आहे, 1985 साली पूर्ण झालेली. सासूबाई तिथं जाऊन आल्यात, मेरूच्या पायऱ्या चढून आल्यात. त्यांच्यासाठी मेरू ही बघून आलेली जागा आहे.

हा प्रश्न आमच्याच घरात पहिल्यांदा पडला असं नव्हे. आर्यभटानं 499 साली पृथ्वी गोल आहे आणि ती फिरते असं लिहिलं. भास्कराचार्यानं 1150च्या 'सिद्धान्तशिरोमणी'त जैनांच्या दोन सूर्यांचं खंडन केलं, आणि त्याच ग्रंथाच्या गोलाध्यायात बांबूच्या कामट्यांचा गोल कसा बांधायचा ते सांगितलं. आमच्या लोकांनी ते खंडन वाचलं नसेल असं नाही. जैन विद्वान ज्योतिषही शिकत होते, पंचांगही करत होते आणि अढाई द्वीपाचे पटही रंगवून घेत होते. ऑक्सफर्डच्या विज्ञान-इतिहासाच्या संग्रहालयात 1571 सालचा एक पितळी 'भूगोल' आहे, क्षेमकर्ण नावाच्या माणसानं केलेला. मधोमध उघडणारा गोळाच, पण त्यावर कोरलंय ते पुराणातलं जग, द्वीपं आणि समुद्र. गोलही सोडायचा नाही आणि मेरूही सोडायचा नाही, अशी खटपट साडेचारशे वर्षांपूर्वी कुणीतरी केली होती.

मराठीत तर याची चांगली नोंद आहे. तंजावरच्या सरफोजी राजांनी, ते 1798 ते 1832 गादीवर होते, 'देवेंद्र कुरवंजी' नावाचं मराठी नाटक रचलं. त्यात भविष्य सांगणारी कुरवंजी बाई जगाचा भूगोल सांगते, नव्या पद्धतीचा, खंडं आणि देश यांच्यासह. भूगोल सांगायला राजांना हेडमास्तर नाही सुचला, टोपली घेऊन फिरणारी बाई सुचली. आणि आपल्या इंदूरवाल्यांच्या जवळ, भोपाळकडच्या सीहोरला, सुबाजी बापू या मराठी पंडितानं 1836 साली 'सिद्धान्तशिरोमणिप्रकाश' लिहिला. पुराणांचं जग, सिद्धान्तांचं जग आणि कोपर्निकसचं जग, तिन्ही शेजारी शेजारी मांडून. त्याचा कौल कोपर्निकसकडं होता. पण बाकीची दोन त्यानं आधी नीट मांडली, वाचणाऱ्याची आज्जी काय मानत असेल ते ओळखून, असं मला वाटतं.

मी सुबाजी बापू नव्हे. मी सासूबाईंना म्हटलं, "आई, हा शाळेचा गोल आहे. विमानानं, जहाजानं माणसं फिरली त्याचा. मेरू यात येत नाही." खोटं बोलून उत्तर ध्रुवावर बोट ठेवता आलं असतं. पुष्कळ जण तसं सांगतात. मला ते बरं वाटलं नाही, मेरूच्या बाजूनंही नाही आणि पृथ्वीच्या बाजूनंही नाही.

त्या म्हणाल्या, "मग त्यो निराळा म्हण की." आणि गोल खाली ठेवला. त्या रात्री पडल्या पडल्या नातीनं विचारलं, "आज्जी, तुला काय वाटतं? कुठलं खरं?" मी सांगितलं की पृथ्वी गोल आहे, तिची छायाचित्रं आहेत, परीक्षेत तेच लिही. ती म्हणाली, "ते मला माहिताय. थोरल्या आज्जीला काय सांगायचं?" याला माझ्याकडं उत्तर नव्हतं. रेचल कोपचं 'मानलेला' आठवलं, पण ते अकरा वर्षांच्या पोरीला कसं सांगणार?

कळ्या लागल्या, पाच ठिकाणी चुणी पडली. रंगवायला आम्ही तिघी बसलो. म्हणजे सासूबाई खुर्चीवर, देखरेखीला. 24 सेंटिमीटरच्या गोलावर एक सेंटिमीटर म्हणजे सुमारे 530 किलोमीटर. काश्मीरपासून कन्याकुमारीपर्यंतचा भारत सहा सेंटिमीटर, एका कळीत बसतो. एव्हरेस्ट दाखवायचा तर कागदाच्या दोन-तीन पदरांएवढाही उंचवटा होत नाही, हिमालय नुसता पांढरा रंगवावा लागला. बेळगाव ते कोल्हापूर दोन मिलिमीटर. ज्या सीमेपायी आमच्या गावात मी जन्मल्यापासून मोर्चे, बंद आणि पाट्यांची भांडणं बघत आले, ती रंगवायला ब्रशचा एक केससुद्धा जाड होता. नातीनं तरी बेळगावचा ठिपका दिला, तो एवढा मोठा झाला की त्यात गोवाही गेला. गोव्याच्या माहेरवाशिणींनी माफ करावं.

"हितं आपण?" सासूबाईंनी विचारलं. "आणि तुझी मुंबईची आत्या? आणि ती पोरं अमेरिकेची?" नात गोल फिरवून दाखवत गेली. अमेरिका पार पलीकडं, आपल्या पायाखाली. "आता तिकडं रात्र असंल," त्या म्हणाल्या. कुठून कळलं विचारलं तर म्हणाल्या, नातवाचा फोन नेहमी जेवणाच्या वेळी येतो आणि तो जांभया देत असतो.

शाळेतून गोल दहापैकी साडेआठ मार्क घेऊन परत आला. चुण्यांचे मार्क गेले. तेव्हापासून तो दिवाणखान्यातल्या कपाटावर आहे, कपाटात नाही. येईल त्यानं फिरवावा.

बेळगावचा पाऊस तुम्हाला माहीतच आहे. आषाढात प्रशांत महासागर दमटून फुगला आणि एका कळीची कड सुटली. मी ती हळूच उचलून बघितली तर आत मामंजींचं अक्षर, मांजरपाट सव्वाचार वार. सासूबाईंना बोलावलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं आणि "बाकी जमा झालीय की," म्हणाल्या. मग मी ताजी खळ केली, थोडीच, त्या दिवसापुरती. कड चिकटवली, निळा लावला. जुना निळा मिळाला नाही, त्यामुळं तेवढ्या भागात समुद्र जरा गडद दिसतो.